नेमेसिस : न सांपडलेल्या ताऱ्याची हकीकत

आकाशांतील ताऱ्यांचे इतिहास पुष्कळ लिहिले गेले आहेत. परंतु जो तारा कोणाच्याहि दृष्टीस कधीं पडला नाहीं, ज्याची प्रतिमा कोणत्याहि दुर्बिणींत उमटली नाहीं, आणि तरीहि ज्याचें नांव, मार्ग व प्रदक्षिणेचा काळ विद्वानांनीं कागदावर मांडून ठेविला, अशा एका ताऱ्याची हकीकत येथें वाचकांस सादर करण्याचें योजिलें आहे. महोत्सवाच्या स्मरणिकेंत ताऱ्याचें नांव निघतांच आमच्या बांधवांस बेथलेहेमचा तारा आठवणें साहजिक आहे. त्या ताऱ्यानें पूर्वेकडील ज्ञानी पुरुषांस बाळ येशूच्या घरापर्यंत आणिलें. आमच्या ह्या ताऱ्यावर मात्र पृथ्वीवरील जीवांच्या संहाराचा आरोप ठेवण्यांत आला होता. १९८४ सालीं हा आरोप प्रसिद्ध झाला, पुढें तीस वर्षें त्याची चौकशी चालली, आणि शेवटीं आरोपीच अस्तित्वांत नाहीं असें बहुतेक जाणत्यांचें मत झालें. एका ग्रीक देवतेच्या नांवावरून त्यास नेमेसिस असें म्हणतात.

न दिसणारा गोल कल्पून दिसणाऱ्या गोष्टीचें कारण सांगणें ही मनुष्यजातीची फार जुनी खोड आहे, आणि ती सर्वस्वीं वाईट आहे असें नाहीं. आमच्या देशांत ग्रहणाचें कारण म्हणून राहु व केतु कल्पिले गेले. चंद्राचा मार्ग व सूर्याचा मार्ग जेथें एकमेकांस छेदतात ते हे दोन बिंदु होत, असें ज्योतिर्गणितानें दाखविलें. असुराचें मस्तक गेलें, पण पंचांगांतील गणित राहिलें. ग्रीसमध्यें ख्रिस्तपूर्व पांचव्या शतकांत फिलोलाउस नामक पायथागोरसपंथी तत्त्वज्ञानें एक 'प्रतिपृथ्वी' मानली होती. ती आपणांस कधींच दिसावयाची नाहीं अशी तिची योजना होती. त्यावर आरिस्टॉटलनें टोमणा मारला कीं, गोलांची संख्या दहा भरावी एवढ्यासाठींच ही मंडळी नवा गोल निर्माण करितात.

अर्वाचीन काळीं फ्रेंच गणिती ल व्हेरिए याच्या हातून ह्या रीतीचें यश आणि अपयश अशीं दोन्हीं घडलीं. युरेनस ग्रहाची चाल गणिताशीं जुळत नाहीं हें पाहून, त्याच्या पलीकडे दुसरा ग्रह असला पाहिजे असें त्यानें ठरविलें, आणि १८४६ च्या सप्टेंबरांत बर्लिनच्या वेधशाळेंत गाले यानें दुर्बीण त्या दिशेस वळवितांच पहिल्याच रात्रीं नेपच्यून सांपडला. पुढें १८५९ सालीं बुधाच्या चालींतील किंचित् फरकासाठीं त्याच गणित्यानें सूर्याजवळ 'व्हल्कन' नांवाचा ग्रह मानला. कित्येकांनीं तो पाहिल्याचेंहि सांगितलें! परंतु १९१५ सालीं आइन्स्टाइनच्या नव्या सिद्धांतानें तो फरक ग्रहावांचूनच उलगडला, आणि व्हल्कन आकाशांतून नाहींसा झाला. नेमेसिसची कल्पना ज्यांनीं काढली त्यांच्यापुढें हीं दोन्हीं उदाहरणें होतीं.

आतां मूळ हकीकतीकडे वळूं. तिचा आरंभ मातींत आहे. इटलींत उंब्रिया प्रांतीं गुब्बियो म्हणून एक डोंगराळ नगर आहे. असिसीच्या संत फ्रान्सिसनें ज्या लांडग्यास 'बंधु' म्हणून हांक मारून शांत केलें, त्याची आख्यायिका ह्याच नगराची. नगराजवळच्या एका घळींत चुनखडकाचे थरावर थर रचलेले असून त्यांच्यामध्यें सुमारें बोटभर जाडीचा मातीचा एक पट्टा आहे. त्याच्या खालच्या थरांत प्राचीन समुद्रांतील सूक्ष्म जीवांचे अवशेष विपुल आढळतात. वरच्या थरांत ते जवळजवळ नाहींसे होतात. वॉल्टर अल्व्हारेझ ह्या अमेरिकन भूस्तरशास्त्रज्ञानें ह्या मातीचा नमुना आपल्या पित्यास दाखविला. पिता लुइस अल्व्हारेझ हे १९६८ सालचें नोबेल पारितोषिक मिळविलेले पदार्थविज्ञानवेत्ते होते. फ्रँक असारो व हेलन मायकेल ह्या रसायनज्ञांच्या साहाय्यानें पितापुत्रांनीं ती माती तपासली, तेव्हां तींत इरिडियम नांवाचा धातु नेहमींच्या सुमारें तीस पट सांपडला. हा धातु पृथ्वीच्या कवचांत अत्यंत विरळ. आकाशांतून पडणाऱ्या पाषाणांत मात्र त्याचें प्रमाण पुष्कळ असतें. १९८० सालीं त्यांनीं आपला निष्कर्ष प्रसिद्ध केला कीं, सुमारें १० किलोमीटर व्यासाचा एक पाषाण पृथ्वीवर आदळला, त्याच्या धुरळ्यानें सूर्यप्रकाश कोंडला गेला, आणि त्यामुळें डायनोसॉर आदिकरून असंख्य जीव नष्ट झाले. हा काळ आतां ६ कोटी ६० लाख वर्षांपूर्वींचा मानतात. मेक्सिको देशांत युकातानच्या किनाऱ्यापाशीं जमिनीखालीं गाडलेलें चिक्शुलुबचें विवर, रुंदी सुमारें १८० किलोमीटर, हें १९९१ सालीं त्या आघाताचें स्थान म्हणून ओळखलें गेलें.

एक पाषाण एकदां पडला, एवढ्यावर गोष्ट संपली असती तर नेमेसिस जन्मासच आला नसता. परंतु शिकागो विश्वविद्यालयांत डेव्हिड रॉप व जॅक सेपकोस्की हे दोन जीवाश्मांचे अभ्यासक होते. समुद्रांतील कोणतें प्राणिकुल कोणत्या युगांत प्रथम दिसलें व कोणत्या युगांत शेवटचें दिसलें, ह्याची एक प्रचंड यादी सेपकोस्की यांनीं कित्येक वर्षें ग्रंथ चाळून तयार केली होती. अशा कामाचा गाजावाजा होत नसतो. धर्मग्रामाच्या बाप्तिस्म्याच्या व मृत्यूच्या नोंदवह्या वाळवीपासून ज्यांनीं जपल्या, त्यांस ह्या कामाची किंमत अधिक कळेल. जीवसृष्टीच्या ह्या नोंदवहीवरून १९८४ सालीं दोघांनीं असें अनुमान काढलें कीं, गेल्या २५ कोटी वर्षांतील मोठे संहार वाटेल तेव्हां झालेले नसून, सुमारें २ कोटी ६० लाख वर्षांच्या अंतरानें, घड्याळाचे ठोके पडावे तसे झालेले आहेत.

हें घड्याळ कोणाचें? वृद्ध अल्व्हारेझ यांस हें अनुमान मुळींच रुचलें नाहीं. परंतु बर्कली येथें रिचर्ड मुलर नांवाचे त्यांचे एक शिष्य होते. त्यांनीं गुरूशीं वाद घातला, आणि ठोके खरे असतील तर ते कशानें पडत असतील ह्याचा विचार चालविला. मार्क डेव्हिस व पीट हट ह्या दोन ज्योतिर्विदांबरोबर त्यांनीं जो तर्क बांधला तो असा. आकाशांत जोडीनें राहणारे तारे पुष्कळ आहेत. मग आपल्या सूर्यासहि एखादा मंद, तांबूस सोबती कां नसावा? सूर्यमालेच्या अगदीं बाहेरच्या कडेस असंख्य धूमकेतूंचा एक मेघ आहे, असें हॉलंडचे यान ऊर्ट यांनीं १९५० सालीं प्रतिपादिलें होतें. सूर्याचा हा सोबती आपल्या लांबट मार्गावरून फिरतां फिरतां त्या मेघांतून गेला कीं त्याच्या आकर्षणानें कोट्यवधि धूमकेतु विचलित होतील, सूर्याकडे लोटतील, आणि त्यांपैकीं थोडे पृथ्वीवर आदळतील. हाच तर्क डॅनिएल व्हिटमायर व ऑल्बर्ट जॅक्सन ह्या दुसऱ्या जोडीनेंहि स्वतंत्रपणें बांधला होता. दोन्हीं निबंध 'नेचर' ह्या नियतकालिकाच्या १९ एप्रिल १९८४ च्या अंकांत एकत्र छापले गेले.

ताऱ्याचें अंतर काढण्यास केप्लरचा जुना नियम पुरेसा झाला. प्रदक्षिणेच्या काळाचा वर्ग हा अंतराच्या घनाच्या प्रमाणांत असतो, असा तो नियम आहे. काळ २ कोटी ६० लाख वर्षें धरला तर सरासरी अंतर पृथ्वी व सूर्य यांमधील अंतराच्या सुमारें ८८ हजार पट येतें. म्हणजे प्रकाशास तें काटण्यास सुमारें १.४ वर्षें लागतील. आपणांस ठाऊक असलेला सर्वांत जवळचा तारा ४.२ प्रकाशवर्षें दूर आहे, हें लक्षांत घेतलें म्हणजे हा कल्पित सोबती किती निकट मानला गेला होता हें कळेल. शेवटचा ठोका सव्वा कोटीच्या आसपास वर्षांपूर्वीं पडला असें धरल्यास, तारा हल्लीं आपल्या मार्गाच्या दूरच्या टोंकास असावयास पाहिजे होता. म्हणजे तो खरा असता तरी आमच्या पणतूंच्या पणतूंसहि त्याचें भय नव्हतें.

ह्या हकीकतींतील मला सर्वांत विचारणीय वाटणारा भाग म्हणजे ताऱ्याचें बारसें. मुलर आदिकरून तिघांनीं मूळ हस्तलिखितांत एक नव्हे, चार नांवें सुचविलीं होतीं. पहिलें नेमेसिस. दुसरें काली, संहार करणारी, पण आपल्या भक्तांवर अपार माया करणारी म्हणून. तिसरें इंद्र, वज्रानें सर्परूपी वृत्राचा वध करून पर्वतांतील जल मोकळें करणारा म्हणून. आणि चौथें, आमच्या बांधवांस कौतुक वाटेल असें, जॉर्ज! अजगरास मारणारा संत जॉर्ज हाच डायनोसॉर मारणाऱ्या ताऱ्याचा नामधारी होण्यास योग्य, असा त्यांतील विनोद होता. छापतांना मात्र नेमेसिस हें एकच नांव राहिलें. तारा न सांपडला तर हा निबंधच आमच्यावर सूड उगवील अशी भीतिहि लेखकांनीं तेथेंच थट्टेनें नमूद केली होती.

नेमेसिस ही ग्रीकांच्या पुराणांत रात्रीची कन्या. ज्यांस संपत्तीचा, बळाचा, भाग्याचा अतिरेकी गर्व झाला त्यांस खालीं ओढून आणणें हें तिचें काम. अॅटिका प्रांतांत ऱ्हाम्नूस येथें तिचें प्रसिद्ध देवस्थान होतें. इसवी सनाच्या दुसऱ्या शतकांतील प्रवासी पॉसानियस तेथील मूर्तीविषयीं एक गोष्ट सांगतो. मॅरेथॉनच्या युद्धास निघालेल्या इराणी सैन्यानें विजय आपलाच असें गृहीत धरून जयस्तंभासाठीं पांढऱ्या संगमरवराची शिळा आगाऊच बरोबर आणली होती. पराभव झाल्यावर ग्रीकांनीं त्याच शिळेंतून नेमेसिसची मूर्ति घडविली. गोष्ट खरी असो वा नसो, तींत त्या देवतेचा सारा स्वभाव आला आहे. ती अपराध्यास ओळखून शासन करिते.

आणि नेमकी येथेंच अडचण आहे. डायनोसॉरांनीं अपराध तो कोणता केला होता? हार्वर्डचे जीवाश्मशास्त्रज्ञ स्टीफन जे गूल्ड यांनीं १९८४ सालींच एक लेख लिहून ह्या नांवास हरकत घेतली. मेलेले जीव गर्विष्ठ नव्हते, दुबळेहि नव्हते. आकाशांतून आग पडली तेव्हां त्यांचा उपाय चालला नाहीं, इतकेंच. उलट त्या संहारानें लहान सस्तन प्राण्यांस वाट मोकळी झाली, आणि त्यांच्याच वंशांत पुढें मनुष्य आला. म्हणून मोडणें आणि घडणें हीं एकाच नृत्यांत दाखविणाऱ्या शिवाचें नांव ताऱ्यास द्यावें, असें गूल्ड यांचें म्हणणें पडलें. शिवाचें नांव द्यावें कीं न द्यावें हा वाद आम्हीं लढविण्याचें कारण नाहीं. पण गूल्ड यांची हरकत रास्त होती असें माझें स्पष्ट मत आहे, आणि ख्रिस्ती मनुष्यास तर ती परकी वाटूंच नये. संत लूकच्या शुभवर्तमानाच्या तेराव्या अध्यायांत शिलोहाचा बुरूज पडून अठरा माणसें मेल्याचा उल्लेख आहे. तीं माणसें यरुशलेमांतील इतरांहून अधिक पापी होतीं काय, असें विचारून प्रभूनें स्वतःच तसें नाहीं म्हणून सांगितलें. पश्चात्तापाची आठवण त्यानें करून दिली ती जिवंत राहिलेल्यांस.

हा प्रश्न केवळ पुस्तकी नाहीं. १८९६ सालीं मुंबईंत प्लेग शिरला तेव्हां घरेंच्या घरें ओस पडलीं. वांद्र्यासारख्या जुन्या गांवठाणांत त्या वेळीं उभारलेले क्रूस आजहि वाटेवर दिसतात. ज्यांनीं ते उभारिले त्यांनीं मेलेल्यांचा गुन्हा शोधला नाहीं. उरलेल्यांसाठीं दया मागितली. २०२० सालच्या साथींत मात्र, अमक्याच्या घरीं रोग आला तो त्याच्या करणीचें फळ म्हणून, असें उघड बोलणारे लोक माझ्या कानांनीं ऐकले आहेत. असें बोलणाराच्या मनांत, त्यास ग्रीक पुराण ठाऊक नसलें तरी, नेमेसिसचेंच राज्य चालत असतें. तारा आकाशांत नसून माणसांच्या बोलण्यांत सांपडतो तो असा.

असो. वर्तमानपत्रांनीं तर १९७७ सालच्या एका गाजलेल्या चित्रपटांतील नांव उचलून ह्यास 'मृत्युतारा' करून टाकिलें. सर्वच पत्रें भाळलीं असें मात्र नाहीं. १९८५ च्या एप्रिलांत 'न्यूयॉर्क टाइम्स'नें अग्रलेखांत बजाविलें कीं, पृथ्वीवरील घडामोडींचें कारण ताऱ्यांत शोधण्याचें काम खगोलवेत्त्यांनीं ज्योतिष्यांवर सोपवावें! थट्टा झोंबणारी होती, पण न्याय्य नव्हती. ज्योतिषी आपलें भाकित खोटें ठरविण्याची कसोटी स्वतः सांगत नाहीं, आणि मुलर यांनीं ती सांगितली होती. आयझॅक असिमॉव्ह यांनीं १९८९ सालीं 'नेमेसिस' ह्याच नांवाची कादंबरी लिहिली. तींतील तारा धुळीच्या मेघाआड दडलेला असून सूर्याचा सोबती नसतो, नुसता वाटसरू असतो. पुढें २०१२ च्या डिसेंबरांत जग बुडणार अशी जी आवई उठली, तींत बाबिलोनी नांव धारण केलेला निबिरू नामक दुसराच एक कल्पित गोल आणि नेमेसिस यांची लोकांनीं भेसळ करून टाकिली. त्या आवईविषयीं अधिक लिहिणें म्हणजे शाई वाया घालविणें होय.

आतां शोधाविषयीं. संतपदाच्या चौकशींत उमेदवाराविरुद्ध शक्य तितके आक्षेप काढणें हेंच ज्याचें काम, असा एक अधिकारी पोप पांचवे सिक्स्तुस यांच्या १५८७ सालच्या व्यवस्थेपासून १९८३ च्या सुधारणेपर्यंत रोमला असे. लोक त्यास सैतानाचा वकील म्हणत. नेमेसिसच्या बाबतींत मौज अशी कीं, ज्यांनीं तारा मांडला त्यांनींच त्याच्याविरुद्ध पुरावा जमविण्यास आरंभ केला. मुलर यांचा अंदाज होता कीं, हा तारा साध्या दुर्बिणींतहि दिसण्याजोगा तेजस्वी असेल, आणि कदाचित् जुन्या याद्यांत त्याची नोंदहि झालेली असेल. फक्त त्याचें अंतर कोणीं मोजलेलें नसेल. तांबड्या ताऱ्यांचा निराळा वर्ग प्रथम पाडणारे येशूसंघीय फादर आंजेलो सेक्की यांचें स्मरण येथें होतें. रोममध्यें संत इग्नेशियसच्या चर्चच्या छपरावरील वेधशाळेंतून त्यांनीं ताऱ्यांच्या प्रकाशाचें पृथक्करण केलें, आणि १८६० नंतरच्या दशकांत त्यांच्या जाती ठरविल्या. नेमेसिस सांपडता तर तो सेक्कींच्या तिसऱ्या जातींत पडला असता.

जवळचा तारा ओळखण्याची युक्ति सोपी आहे. डोळ्यांपुढें बोट धरून एकदां डाव्या व एकदां उजव्या डोळ्यानें पाहिलें तर बोट हललेलें दिसतें. दूरचें झाड हलत नाहीं. त्याचप्रमाणें पृथ्वी सूर्याच्या एका बाजूस असतांना व सहा महिन्यांनीं दुसऱ्या बाजूस असतांना ताऱ्याची जागा ताडून पाहावयाची. मुलर यांच्या मंडळीनें बर्कलीच्या विश्वविद्यालयाच्या वेधशाळेंतून तांबडे तारे असे तपासण्यास घेतले. नेमेसिस मिळाला नाहीं. १९८९ त आकाशांत सोडलेल्या हिप्पार्कस यंत्रानें एक लाखाहून अधिक ताऱ्यांचीं अंतरें मोजलीं. त्यांतहि तो नव्हता. उष्णतेच्या अदृश्य किरणांनीं सबंध आकाश पाहणारें वाइज नांवाचें यंत्र २००९ च्या डिसेंबरांत सोडण्यांत आलें. त्याचे वेध तपासून केव्हिन लूमन यांनीं २०१४ सालीं जाहीर केलें कीं, सूर्यापासून पृथ्वीच्या अंतराच्या १० हजार पटींपर्यंत शनीएवढा, व २६ हजार पटींपर्यंत गुरूएवढा कोणताहि अज्ञात गोल नाहीं. तारा म्हणण्याजोगा मोठा गोल तर त्याहून पुष्कळ दूर असतांहि नजरेंतून सुटला नसता. २०१३ च्या डिसेंबरांत सोडलेल्या गाया यंत्रानें शंभर कोटींहून अधिक ताऱ्यांची मोजणी केली. नेमेसिस तींतहि निघाला नाहीं.

दरम्यान घड्याळाच्या ठोक्यांवरच शंका आली होती. हायडेलबर्गचे कोरिन बेलर-जोन्स यांनीं २०११ सालीं पृथ्वीवरील विवरांचीं वयें तपासून, आघातांत नियमित अंतर दिसत नाहीं असा निर्वाळा दिला. एड्रियन मेलॉट व रिचर्ड बॅम्बाक यांस २०१० सालीं जीवाश्मांत सुमारें २ कोटी ७० लाख वर्षांचे ठोके पुन्हां आढळले. पण तेच नेमेसिसच्या मुळावर आले. इतक्या दूरच्या मार्गावरील ताऱ्यास शेजारून जाणारे इतर तारे धक्के देणारच, आणि त्याची फेरी कधीं लांबणार कधीं आंखूड होणार. ठोके फारच नियमित असतील तर ते ह्या ताऱ्याचे असूं शकत नाहींत.

जातां जातां आमच्याच भूमीविषयीं एक गोष्ट सांगितली पाहिजे. ६ कोटी ६० लाख वर्षांपूर्वींच्या संहाराचा दुसरा संशयित महाराष्ट्राचाच रहिवासी आहे. सह्याद्रीचा काळा पाषाण म्हणजे त्याच सुमारास भूगर्भांतून उसळलेला तप्त रस होय. तो आजहि सुमारें ५ लाख चौरस किलोमीटर प्रदेश व्यापून असून कित्येक ठिकाणीं त्याची जाडी २ किलोमीटरांहून अधिक आहे. त्यांतून निघालेल्या विषारी वायूंनीं जीवसृष्टि आधींच खिळखिळी केली होती असें कांहींचें मत आहे, आणि पाषाणाचा आघात व आमचा ज्वालामुखी यांत मुख्य अपराधी कोण, हा वाद विद्वानांत अजून मिटलेला नाहीं. त्याच काळ्या दगडांत बुलढाणा जिल्ह्यांत लोणारचें विवर आहे, तें मात्र निःसंशय आकाशांतून पडलेल्या पाषाणानेंच केलेलें, सुमारें पावणेदोन किलोमीटर रुंद. लोककथा तेथें लवणासुराचा वध झाल्याचें सांगते.

नेमेसिसचें प्रकरण येथें मिटलें असें वाटत असतांना २०१७ सालीं त्यास एक निराळी पुरवणी जोडली गेली. सारा सदवॉय व स्टीव्हन स्टालर ह्या दोघांनीं ययाति नक्षत्रसमूहांतील एका मेघांत नुकत्याच जन्मलेल्या ताऱ्यांचे वेध घेऊन असा सिद्धांत मांडला कीं, सूर्यासारखे जवळजवळ सर्व तारे जन्मतांना जुळेच असतात. पुढें कांहीं जोड्या जवळ येतात व बाकीच्या फुटतात. तो खरा असेल तर आपल्या सूर्यासहि साडेचारशें कोटी वर्षांपूर्वीं एक भाऊ होता. वर्तमानपत्रांनीं लगेच त्यासहि नेमेसिस हेंच नांव दिलें. परंतु तो फेऱ्या घालणारा नव्हे, एकदां गेला तो गेलाच; आणि आकाशगंगेंतील कोट्यवधि ताऱ्यांच्या गर्दींत तो केव्हांच मिसळून गेलेला असणार.